द्रानाच्या पेटीतली चादर

मित्रांनो, मी एक जुनी चादर आहे. जुनी म्हटल्यावर तुमच्या डोळ्यांपुढे ठिगळं आली असतील, डाग आले असतील. तसं काही नाही. माझ्यावर आजपर्यंत कोणी झोपलेलंच नाही, त्यामुळे मी विरले नाही. थोडी पिवळट झाले आहे, इतकंच. चादरीच्या जन्माला येऊन एकदाही कुणाच्या अंगाखाली न जाणं ही मिरवण्याची गोष्ट नव्हे. पण एका दुपारी मला सिनेमाचा पडदा केलं होतं. त्या दुपारची गोष्ट मला सांगायची आहे, कारण ती ठाऊक असलेली माणसं आता फार उरलेली नाहीत.

माझा जन्म उत्तर अल्बेनियाच्या डोंगरातल्या गुरबार्ध गावचा. श्कुर्ता नावाच्या बाईच्या मागावरचा. बाई खमकी, बोलायला कमी. ती विणायला बसली की घरात कोणी पाय आपटलेला तिला खपत नसे. मला तिनं आपल्या लेकीसाठी, द्रानासाठी विणायला घेतलं. आमच्याकडे मुलगी चालायला लागली की तिची लाकडी पेटी भरायला सुरुवात होते. मोजे, कंबरेचे पट्टे, उशांचे अभ्रे असं करत करत सगळ्यात शेवटी चादर. ही चादर लग्नाच्या रात्री अंथरतात, मग धुऊन पेटीच्या तळाशी ठेवून देतात. पुन्हा ती बाहेर निघते ती त्या बाईच्या मरणाच्या दिवशी. आयाबायांचं रडणं आटोपलं की हीच चादर तिच्या तोंडावरून ओढतात. तोवर मेलेल्या माणसाला सुटका नाही असं आमच्या बायका मानतात. म्हणजे चादरीला कामं दोनच, पण तिथे दुसरी कुठली चादर चालत नाही. मला याचा भारी ताठा होता.

माझा शेवटचा वीतभर भाग द्रानानं विणला. तिचे हात चलाख होते आणि तोंड त्याहून चलाख. बोलता बोलता काठाची लाल पट्टी तिनं वाकडी नेली ती नेलीच. श्कुर्ता म्हणाली, “सासूनं पाहिलं तर म्हणेल, पोरगी डोळे मिटून विणते.”

“म्हणू दे की,” द्राना म्हणाली. “तिचा मुलगा तरी कुठे सरळ चालतो? लग्न ठरलं त्या दिवशीच राकी पिऊन कुंपणात पडला होता.”

श्कुर्तानं पट्टी उसवायला हात घातला, पण हसू आवरेना, आणि हसताना उसवणं जमेना. तशीच घडी घालून तिनं मला पेटीत ठेवलं, वर अक्रोडाची पानं पसरली, कसर लागू नये म्हणून. लग्न प्लमची राकी गाळायच्या दिवसांत, म्हणजे शरदात ठरलं होतं.

मग रेल्वे आली. म्हणजे आमच्या गावात नव्हे, ती कधीच आली नाही. दूर खाली, सपाटीवर, तरुणांनी रेल्वे बांधायची असा वरून हुकूम निघाला. झेफ आमच्या गावचा कम्युनिस्ट पक्षाचा सेक्रेटरी. श्कुर्ताच्या माहेरचा, तिच्यासोबत शेळ्या राखलेला. तो घरोघर सांगत फिरला की ज्या घरात तरुण मूल आहे त्यानं स्वेच्छेनं नाव द्यायचं आहे, आणि संध्याकाळपर्यंत द्यायचं आहे. द्रानाच्या बापानं, न्दोकानं, लग्नाचं कारण सांगून पाहिलं. झेफ म्हणाला, पोरगी परत आल्यावर लग्न आणखी शोभून दिसेल.

मी खोटं कशाला बोलू, द्राना रडत गेली नाही. ती गात गेली. तिला आगगाडी पाहायची होती, समुद्र पाहायचा होता. डोंगरातल्या पोरींना परक्या मुलांबरोबर एका बाकावर बसून जेवायला कुठे मिळत होतं? तिथे मिळत होतं. गळ्यात लाल रुमाल बांधून, खांद्यावर कुदळ टाकून रांगेत चालताना तिला आपण कोणीतरी आहोत असं वाटत असे. ते वाटणं खरं होतं. त्याच्याशीच तर पुढे सगळा खेळ झाला.

उन्हाळ्याच्या मध्यावर ती रजेवर आली. माझ्या पेटीवरच बसली होती, मक्याची भाकरी आणि दही खात. पाय हलवत होती, तिच्या टाचा पेटीवर आपटत होत्या आणि आत मला गुदगुल्या झाल्यासारखं होत होतं.

“आई, आमच्याकडे सिनेमावाले आले होते,” ती सांगत होती. “मला ढकलगाडी घेऊन पळवलं. गाडीत खाली गवत आणि वर चार दगड. म्हणाले, हसत हसत पळ. मी म्हटलं, हसायला काहीतरी घडू दे की. तेवढ्यात अकॉर्डियनवाला पाय घसरून चिखलात बसला, तो अकॉर्डियनही सोडेना आणि उठेही ना. मग माझं हसू काही केल्या थांबेना. तेच त्यांनी धरलं.”

श्कुर्ता म्हणाली, “हात दाखव.”

द्रानाच्या टाचा आपटायच्या थांबल्या. हात दाखवले असावेत, कारण श्कुर्ताच्या तोंडून बारीकसा आवाज निघाला. मग तिनं मेण आणि लोणी कोमट करून आणलं. द्राना म्हणाली की हातांचं चित्र त्यांनी घेतलंच नाही, हात गाडीच्या खाली धर म्हणाले. दुसऱ्या दिवशी ती परत गेली. जाताना पेटी उघडून तिनं माझी वाकडी पट्टी एकदा बोटानं चाचपली आणि झाकण लावलं.

शरदात पाऊस झाला आणि बोगद्याच्या तोंडाशी डोंगर खाली आला. द्राना त्याच्याखाली गेली.

बातमी झेफनं आणली. सोबत दोन माणसं होती आणि एक निशाण होतं. तो म्हणाला, द्राना आता साऱ्या देशाची लेक झाली आहे. तिला तिथेच रुळाच्या कडेला, बँड वाजवून, मानानं पुरलं आहे. आधी पुरलं आणि मग कळवलं, म्हणजे जायचा प्रश्नच उरला नाही. न्दोक भिंतीला टेकून खाली बसला. श्कुर्तानं एवढंच विचारलं, “तिचं तोंड कोणी झाकलं?”

“काय?”

“तोंड. कोणी झाकलं?”

“झाकलं असेल गं कोणीतरी,” झेफ म्हणाला. त्याला माहीत नव्हतं. पेटीत पडल्या पडल्या मी ते ऐकलं, आणि मला कळलं की ती गेली तेव्हाच माझं लग्नाचं काम गेलं होतं, आता दुसरंही गेलं.

मित्रांनो, आमच्या डोंगरातलं रडणं म्हणजे नुसतं डोळे पुसणं नव्हे. बायका मेलेल्याच्या तोंडाकडे बघून त्याच्याशी बोलतात, मोठ्यानं, सुरात. त्याला शाबासकी देतात, त्याच्यावर रागावतात, राहिलेलं सगळं सांगून टाकतात. एक बाई थांबली की दुसरी उचलते. तोंड समोर नसेल तर कपडे मांडून त्यांच्याशी बोलतात. श्कुर्तानं द्रानाचे कपडे मांडायला घेतले होते. झेफ परत आला. हुतात्म्याच्या घरात जुनाट रीती चालायच्या नाहीत, असं वरून आलं होतं. चर्च आधीच बंद झालं होतं, पाद्री कुठे नेला ते कोणी विचारत नव्हतं. न्दोकानं बायकोच्या हातातून कपडे काढून घेतले आणि घडी करून ठेवले. तो भित्रा नव्हता, त्याला एक मुलगाही होता. पाल त्याचं नाव, शाळेत हुशार.

तेव्हापासून श्कुर्ताच्या घशात ते रडणं अडकून राहिलं. ती माग चालवी, गुरांना चारा घाली, पण तिचा आवाज घोगरा झाला तो कायमचा. अधूनमधून ती पेटी उघडून माझ्यावर हात ठेवून बसे. मी काय करणार? चादरीला हात नसतात.

दोन हिवाळे गेले. एके दिवशी फिरता सिनेमा गावात आला. तो चालवणारा रुशित, शहरातला मध्यमवयाचा माणूस, कानटोपी घातलेला, स्वभावानं गरीब. यंत्र, रिळं आणि वीज करायचं इंजिन त्यानं खेचरावर लादलं होतं. येताना खेचर ओढ्यात घसरलं, यंत्र कसंबसं वाचलं, पण पडदा खडकात अडकून उभा फाटला. झेफची धावाधाव सुरू झाली. हे चित्र गावोगाव दाखवायचंच असा सक्त हुकूम होता. त्यानं पांढरी, रुंद, बिनठिगळाची चादर गावभर शोधली. अशी चादर एकाच पेटीत होती.

झेफ श्कुर्ताकडे आला तेव्हा खुशीत होता. “श्कुर्ता, चादर दे. चित्र रेल्वेचं आहे,” तो म्हणाला. “तुला पहिल्या रांगेत बसवतो. तुझ्यासाठी एक गंमत आहे.”

त्याला ठाऊक होतं, मित्रांनो. त्यानं तालुक्याला ते चित्र आधी पाहिलं होतं. आणि त्याला मनापासून वाटत होतं की आपण या बाईवर उपकार करतो आहोत. गंमत असा शब्द त्यानं वापरला. याच डोंगरात वाढलेला माणूस, स्वतःच्या आईला या बायकांनी कसं पोचवलं ते पाहिलेला, आणि त्याच्या ध्यानात आलं नाही. इतकी वर्षं वरून आलेलं बोलून बोलून त्याला आपल्याच गावचं उमजेनासं झालं होतं.

श्कुर्ता नाही म्हणू शकली असती का? मला वाटत नाही. तिनं अक्रोडाची पानं बाजूला केली आणि मला बाहेर काढलं. लोकरीच्या गोदामात मला खिळे ठोकून टांगलं. खिळे ठोकून, ऐकताय ना? आजवर मला सुईसुद्धा टोचलेली नव्हती. दुपारची वेळ होती. दारं लावली, खिडक्यांना घोंगड्या टांगल्या. सगळा गाव दाटीवाटीनं बसला, मेंढ्यांच्या लोकरीचा वास, ओल्या कपड्यांचा वास. इंजिन धडधडायला लागलं आणि माझ्यावर उजेड पडला.

मी घाबरले. तुम्हीही घाबरला असता. माझ्या अंगावरून माणसं चालायला लागली, शेकडो, आणि एकाचंही वजन लागेना. निशाणं गेली, कुदळी गेल्या, डोंगर फुटले. मुलं गात होती, मुली गात होत्या. कोणी दमत नव्हतं, कोणाला घाम नव्हता, एकाचाही हात जवळून दिसला नाही. एक भारदस्त आवाज सांगत होता की आमच्या तरुणांना दगड फुलासारखे वाटतात. गावातल्या पोरांनी टाळ्या वाजवल्या. झेफ उभा राहून मागे वळून बघत होता, सगळे टाळ्या वाजवताहेत ना म्हणून.

मग ढकलगाडी आली.

गाडी ढकलत द्राना आली, पळत, हसत. ते हसणं अगदी खरं होतं, कारण अकॉर्डियनवाला खरंच चिखलात बसला होता. पण तो चित्रात नव्हता, नुसतं हसू होतं, आणि आवाज म्हणत होता की हे कष्टाच्या आनंदाचं हसू आहे. ती जवळ जवळ येत गेली आणि तिचा चेहरा माझ्या अंगभर झाला, या काठापासून त्या काठापर्यंत. तिनंच विणलेली वाकडी पट्टी तिच्या कपाळावरून गेली होती.

गोदामातल्या टाळ्या थांबल्या. श्कुर्ता उठली. सावकाश चालत माझ्यापर्यंत आली. तिची सावली माझ्यावर पडली तशी ती बाजूला सरकली, लेकीच्या तोंडावर सावली नको म्हणून. आणि दोन वर्षं घशात अडकलेलं ते सगळं बाहेर आलं.

“द्राना, ए द्राना, कुठे होतीस गं इतके दिवस? घराची वाट विसरलीस का? मी कपडे मांडले होते, ते त्यांनी उचलले. तुझ्या तोंडावर माती कोणी लोटली, मला नाव सांग. लग्नाची चादर गुंडाळून आलीस होय माझ्या लेकी? वाकडी पट्टी मी उसवली नाही बघ. बघ, तशीच ठेवली आहे.”

ती थांबली तसं मागून न्दोकाच्या बहिणीनं उचललं. मग तिसरीनं, मग म्हाताऱ्या बायकांनी. कोणी ठरवलं नव्हतं. समोर मेलेल्याचं तोंड आहे आणि आई बोलते आहे, मग आमच्या बायकांना दुसरं काही येतच नाही. पुरुषांनी टोप्या काढल्या. इंजिनाचा आवाज त्या रडण्यात बुडाला.

पण चित्र कुठे थांबतंय? द्राना हसत हसत काठावरून निघून गेली. तिच्या जागी एक सिमेंटचा कारखाना आला. श्कुर्ता कारखान्याकडे बघत राहिली. मग तिनं मला दोन्ही हातांनी धरलं, माझ्या मागे जाऊन पाहिलं, परत पुढे आली. ती रुशितकडे वळली.

“दादा, तिला परत आण.”

“काकू, ते पुढे गेलं. ते तसंच जातं.”

“माझं बोलणं राहिलंय. जरा धर तिला. तोंड झाकेपर्यंत धर.”

झेफ ओरडत होता की बंद करा, यंत्र बंद करा. रुशितनं बंदही केलं. आणि मग त्या गरीब माणसाला काय झालं मला माहीत नाही. त्याच्या कानटोपीखाली त्याचे डोळे लाल झालेले होते. त्यानं रीळ हातानं उलटं फिरवलं, द्रानाचा चेहरा शोधला, दिवा लावला आणि फिरवायचा थांबला. ती आली. या वेळी ती पळत नव्हती. नुसती बघत होती, तोंड उघडं, दात दिसत होते. श्कुर्तानं माझा खालचा काठ धरला, वर उचलायला. तिला मला त्या चेहऱ्यावर ओढायचं होतं, आणि चेहरा तर माझ्यावरच होता. मला तिच्यासाठी इतकं वाईट वाटलं की सांगता येत नाही.

थांबलेली फिल्म दिव्यासमोर टिकत नाही. रुशितला हे पक्कं माहीत होतं, तो मनात मोजतही असेल, पण त्याला थोडासा उशीर झाला. द्रानाच्या गालावर तपकिरी ठिपका उठला. तो फुगला, पसरला, त्याला मधेच भोक पडलं, आणि त्या भोकातून तिचे डोळे गेले, कपाळ गेलं. बायका किंचाळल्या. मग नुसता पांढरा उजेड उरला आणि जळका वास.

मित्रांनो, माझ्यावर एक डागसुद्धा पडला नाही. ती माझ्यावरच होती, माझ्यावरच जळली, आणि मी होते तशी कोरी. काहीतरी राहावं, तिच्या गालाएवढं तरी, म्हणून मी किती आक्रसून घेतलं स्वतःला. पण उजेड धरून ठेवणं चादरीच्या हातात नाही.

घोंगड्या काढल्या, दुपारचं ऊन आत आलं. झेफचा चेहरा पीठ फासल्यासारखा झाला होता. त्याला हे वर कळवावं लागणार होतं आणि कळवलं नाही तर दुसरं कोणीतरी कळवणार होतं. तो श्कुर्तापाशी आला. हळू आवाजात, अगदी लहानपणीच्या ओळखीनं म्हणाला, “श्कुर्ता, ती हसत होती गं. हसणाऱ्या पोरीवर कोणी रडतं का?”

“तू तिचं हसू पाहिलंस,” श्कुर्ता म्हणाली. “मी तिचं तोंड पाहिलं.”

पुढे वरून माणसं आली आणि मी अजून टांगलेलीच होते त्या गोदामात गावाची सभा झाली. देशाच्या आनंदाच्या चित्रावर रडणं हा गुन्हा होता. पण झेफनं धडपड करून एक वाट काढली होती, ते त्याच्या बाजूनं सांगायलाच हवं. बायकांनी एकेक करून उभं राहायचं आणि म्हणायचं की आम्ही आनंदानं रडलो. सगळ्या म्हणाल्या. न्दोकाची बहीण म्हणाली, म्हाताऱ्या म्हणाल्या. कोणी जमिनीकडे बघून, कोणी छताकडे बघून. मी त्यांना दोष देत नाही, त्यांच्या घरी मुलं होती. शेवटी श्कुर्ताची पाळी आली. न्दोकानं आदल्या दिवशी तिच्यापुढे हात जोडले होते. पालच्या डोक्यावर हात ठेवून सांगितलं होतं, एक वाक्य बोल, मग आयुष्यभर माझ्याशी बोलली नाहीस तरी चालेल.

श्कुर्ता उभी राहिली. तिनं एकदा माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाली, “आनंद नव्हता.”

एवढंच. रुशितला तुरुंगात नेलं, फिल्म मुद्दाम जाळली म्हणून. तो पुन्हा कोणाला दिसला नाही. खेचर मात्र गावच्या शेती सोसायटीनं ठेवून घेतलं. श्कुर्ताच्या सगळ्या कुटुंबाला खाली सपाटीवर, दलदलीच्या गावात हद्दपार केलं. मला खिळ्यांवरून ओढून काढलं तेव्हा चारी कोपऱ्यांना भोकं पडली होती. श्कुर्तानं ती शिवली आणि मला परत पेटीत ठेवलं. पेटी लॉरीत चढली.

दलदलीतल्या वर्षांबद्दल मी फार सांगणार नाही. डास होते, कालवे खणायचे होते, रोज संध्याकाळी हजेरी होती. न्दोक तापानं गेला. त्याच्यासाठी श्कुर्ता दार लावून, उशीत तोंड खुपसून रडली. पालला पुढे शिकू दिलं नाही. शत्रूचं मूल म्हणून वर्गात मागे बसवलं, मग शाळेतूनच काढलं. तो मोठा झाला, कालवे खणू लागला, आणि त्याच्या मनात आईबद्दल एक अढी बसली. एकदा, कशावरून तरी भांडण झाल्यावर, तो म्हणालाच.

“एक वाक्य बोलली असतीस तर काय झालं असतं? ती तर मेलीच होती. मी जिवंत होतो.”

श्कुर्ता चुलीशी जाऊन लाकडं सारू लागली. मी पेटीत होते. दोघांचंही बरोबर होतं, आणि मला वाटलं, माझा धागा न् धागा उसवून कोणी नेला तर बरं.

मग ती राजवट पडली. दूर राजधानीत पुतळे पाडले म्हणे. पालला डोंगरातलं घर परत नको होतं. तो सपाटीवरच राहिला, लग्न केलं, दोन मुली झाल्या, एक टीव्ही घेतला. श्कुर्ता म्हातारी झाली, दिसायला कमी झालं, टीव्हीसमोर बसे पण बघत नसे. मला वाटलं, माझी गोष्ट संपली.

एका सुट्टीच्या दुपारी टीव्हीवर जुनी चित्रं दाखवत होते. गंमत म्हणून. लोक आता त्याला हसत. पालच्या मुली जमिनीवर लोळत ते कपडे, ती गाणी, ते रांगेत चालणं बघून खिदळत होत्या, त्यांच्या चालीची नक्कल करत होत्या. धाकटी म्हणाली, “बाबा, ही बघा ना, दगड घेऊन कशी हसतेय वेडी.”

पाल वळला. किती वर्षांत त्यानं बहिणीचा चेहरा पाहिला नव्हता. घरात तिचा फोटो नव्हता, झडतीत गेला होता. त्या चित्राची एकच प्रत जळली होती. बाकी सगळ्या शाबूत होत्या, हे आमच्यापैकी कोणाला सुचलंच नव्हतं. सारा देश तिला बघत आला होता.

“आई,” तो म्हणाला. आवाज लहान मुलाचा झाला होता. “आई, ती आलीय.”

श्कुर्तानं कोण असं विचारलं नाही. ती टीव्हीकडे गेलीच नाही. भिंत चाचपत पेटीकडे आली, झाकण उघडलं, वरचे सगळे कपडे बाहेर फेकले आणि मला काढलं. मला वाटलं, आता रडेल. ती रडली नाही. ते रडणं तिनं गोदामातच पुरं केलं होतं, त्याची किंमतही देऊन झाली होती. तिनं मला झटकलं, घडी मोडली, आणि टीव्हीपाशी येऊन पालला म्हणाली, “तो काठ धर. झाकायची राहिली होती.”

पालनं काठ धरला. वाकडी पट्टी त्याच्या हातात आली. दोघांनी मिळून मला द्रानाच्या तोंडावरून ओढलं.

मित्रांनो, माझं काम मला मिळालं. इतक्या वर्षांनी, आणि ज्याच्यासाठी मी विणली गेले तेच. पण मी जुनी झाले आहे, वीणही मुळातच पातळ आहे, आणि तुम्हाला तर ठाऊक आहे, उजेड माझ्यानं धरवत नाही. तो माझ्यातून बाहेर आला. माझ्याखाली द्राना तशीच हसत होती, गाडी ढकलत होती, आणि तो भारदस्त आवाज सांगत होता की ती किती आनंदात आहे. श्कुर्ताला ते दिसत नव्हतं. तिनं माझ्यावरून हात फिरवला, गालाच्या जागी, आणि म्हणाली, “झालं. आता झालं.” पालला मात्र दिसत होतं. तो माझ्याकडे बघत उभा होता आणि काठ त्यानं सोडला नव्हता. मुली उठून बसल्या होत्या. थोड्या वेळानं द्राना गेली आणि सिमेंटचा कारखाना आला. मी कारखान्यावर पांघरलेली राहिले.

त्या रात्री पालनं मला घडी घालून पेटीत ठेवलं. वाकडी पट्टी वर येईल अशी घडी त्यानं घातली. मग आईसाठी दही आणून तिच्या हातात वाटी दिली.

आता शेवटचं. तुम्ही मोठे व्हाल, तुम्हालाही कोणी रांगेत चालणारी, गाणारी, हसणारी मुलं दाखवेल. बघा जरूर, गाणी चांगली असतात. पण ती मुलं घरी परत गेली का, एवढं विचारत जा, आणि त्यांचे हात बघायला मागा. माझ्यासाठी मी फार काही मागत नाही. अक्रोडाची पानं वर्षातून एकदा बदलावीत, तेवढं पाल करतो. श्कुर्ता आता अंथरुणाला खिळली आहे. तिची स्वतःची चादर दलदलीत कुजून गेली, म्हणून तिनं मला मागून घेतलं आहे. तो दिवस आला की बायकांना मनसोक्त बोलू द्या, कोणी मध्ये येऊ नका. मग मला तिच्या तोंडावरून ओढा, आणि कृपा करून पलीकडून कोणी दिवा लावू नका.